गिरणगावाचा पुरावा

आष्ट्याच्या झेरॉक्सच्या दुकानात गेल्या काही वर्षांत एक विशिष्ट वयाची माणसे अधूनमधून दिसतात. हातात कापडी पिशवी, पिशवीत प्लॅस्टिकचा कागद, त्या कागदात गुंडाळलेली पिवळी पडलेली चारदोन कार्डे. मुंबईतल्या गिरणी कामगारांना घरे मिळणार, म्हाडाची सोडत निघणार, असे काही कानावर आले की ही गर्दी वाढते. अर्जासोबत गिरणीत काम केल्याचा पुरावा लागतो. गिरणीचे ओळखपत्र, तिकीट नंबर, भविष्यनिर्वाह निधीचा कागद, राज्य कामगार विम्याचे कार्ड, सेवेचा दाखला, पगाराची पावती, यांपैकी काहीतरी हाती असावे लागते. शिवाय १ जानेवारी १९८२ या दिवशी किंवा त्यानंतर तो माणूस गिरणीच्या पटावर असला पाहिजे.

एकदा माझ्यापुढे एक आजोबा उभे होते. दुकानातल्या पोराने विचारले, "आबा, पुरावा काय हाय तुमच्याकडं?" आजोबांनी पिशवी चाचपली. मग म्हणाले, "कार्ड पुरात गेलं. पर मी बारा वर्सं जिथं जेवलो, त्या मावशीला सगळं ठावं हाय. कुठली पाळी, कुठलं खातं, समदं. पर ती आता कुठली ऱ्हायली!"

पोराला ते उत्तर निरुपयोगी वाटले आणि अर्जाच्या दृष्टीने ते निरुपयोगीच होते. मी मात्र तेव्हापासून त्या उत्तराभोवती फिरतो आहे. गिरणगावाचा इतिहास आपण संप, युनियन, नेते आणि गोळीबार यांच्या तारखांनी लिहिला. तो तसा लिहायलाही हवा होता. पण तिथले रोजचे जगणे कोणी उभे केले, ते कोणाच्या जिवावर चालले, असा प्रश्न विचारला तर त्या आजोबांचे उत्तर कोणत्याही कार्डापेक्षा खरे ठरते. गिरणगाव दोन बायकांनी तोलून धरले होते. एक मुंबईत खानावळ चालवत होती आणि दुसरी गावात घर व शेत राखत होती. दोघींपैकी एकीचेही नाव गिरणीच्या पटावर नव्हते.

आज आष्ट्याच्या चहूबाजूंना ऊस आहे. कृष्णा आणि वारणा या दोन नद्यांमधला हा वाळवा तालुका. साखर कारखाने, पाण्याच्या योजना, ट्रॅक्टर-ट्रॉल्या बघणाऱ्याला इथून माणसे पोटासाठी मुंबईला जात असत, हे पटणार नाही. पण हे सुबत्तेचे चित्र अलीकडचे आहे. उपसा सिंचन आणि सहकारी कारखाने येण्याआधी नदीकाठ सोडला तर शेती पावसाच्या आणि विहिरीच्या मर्जीवर होती. चार भावांत वाटणी झाली की एकाला घर सोडावेच लागे. तेव्हा हा भाग सातारा जिल्ह्यात होता. १९४९ साली संस्थाने विलीन झाल्यावर दक्षिण सातारा हा वेगळा जिल्हा झाला आणि १९६० मध्ये त्याला सांगली हे नाव मिळाले. म्हणून जुन्या कागदांवर इकडच्या माणसांपुढे 'जिल्हा सातारा' असेच लिहिलेले असते आणि गिरणगावातही हे सगळे सरसकट 'सातारकर' किंवा 'घाटी' होते. कोकणातले लोक संख्येने जास्त, त्यांच्या खालोखाल घाटावरचे.

मुंबईत पहिली कापडगिरणी कावसजी दावर यांनी उभी केली. कंपनी १८५४ साली स्थापन झाली आणि १८५६ मध्ये ताडदेवला तिचे साचे फिरू लागले. पुढच्या पन्नास वर्षांत परळ, लालबाग, चिंचपोकळी, भायखळा, वरळी हा सारा टापू चिमण्यांनी भरून गेला. घाटावरून तिथे पोहोचण्याची वाट सोपी नव्हती. मिरज-पुणे ही रेल्वे मीटरगेज, त्यामुळे पुण्याला उतरून मुंबईची गाडी बदलावी लागे. तिकिटाचे पैसे नसत ते चालत जात. आमच्याच तालुक्यातल्या वाटेगावचे अण्णा भाऊ साठे १९३०च्या दशकाच्या सुरुवातीला वडिलांबरोबर पायी मुंबईला गेले, ही गोष्ट सर्वांना माहीत आहे. ती थोरांच्या चरित्रातला प्रसंग म्हणून सांगितली जाते. त्या काळी ती अनेकांची गोष्ट होती.

मुंबईत उतरलेला माणूस सरळ गिरणीत जात नसे. तो आधी गावच्या खोलीवर जाई. एका गावच्या किंवा एका भावकीच्या माणसांनी मिळून भाड्याने घेतलेली ही खोली. प्रत्येकाची एक ट्रंक, एक वळकटी आणि भिंतीवर एक खिळा. महिन्याला ठरलेली वर्गणी. नोकरीसुद्धा याच वाटेने मिळे. खोलीतला कुणीतरी जॉबरच्या ओळखीचा असे आणि जॉबरने मनावर घेतले की 'बदली' म्हणून उभे राहता येई. बदली म्हणजे कायम कामगार गैरहजर राहील त्या दिवशीची जागा. रोज सकाळी गिरणीच्या दाराशी जायचे, कोणाचा खाडा पडला आहे का ते बघायचे, नसेल तर परत खोलीवर. कित्येकांची उमेदीची वर्षे या ये-जा करण्यात गेली.

खोल्या होत्या केवढ्या? सरकारने बांधलेल्या बीडीडी चाळींचे माप आजही तपासता येते. मुंबई विकास विभागाने १९२०च्या दशकात वरळी, नायगाव, डिलाईल रोड आणि शिवडी इथे मिळून २०७ इमारती उभ्या केल्या. प्रत्येक इमारतीत ८० खोल्या, प्रत्येक खोली १६० चौरस फुटांची, संडास मजल्यावर सामाईक. खासगी मालकांच्या चाळींत याहून वाईट स्थिती असे. एवढ्या जागेत दहा-पंधरा माणसे कशी मावत, याचे उत्तर पाळीत आहे. तीन पाळ्या स्थिरावल्यावर पहिली पाळी सकाळी सातला सुरू होई, दुसरी दुपारी साडेतीनला आणि तिसरी मध्यरात्री बाराला. एक जण उठून गेला की त्याच जागेवर दुसरा येऊन पडे. उन्हाळ्यात व्हरांडा, जिना, फुटपाथ, सगळीकडे वळकट्या पसरत. खोली घड्याळाप्रमाणे वाटून घेतलेली होती आणि ते घड्याळ म्हणजे गिरणीचा भोंगा.

त्या घड्याळातले तास कमी करायला दोन पिढ्या गेल्या. नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ मध्ये कामगारांची संघटना बांधली आणि १० जून १८९०ला रविवारच्या सुट्टीची मागणी मान्य झाली. पण विसाव्या शतकाच्या सुरुवातीला गिरण्यांत विजेचे दिवे आले आणि सूर्य मावळल्यावरही साचे चालू राहू लागले. १९११च्या कायद्याने पुरुषांच्या कामावर बारा तासांची मर्यादा आली, १९२२ मध्ये आठवड्याला साठ तास, १९३४ मध्ये चोपन्न आणि १९४६ मध्ये अठ्ठेचाळीस. चाळीतले भजनी मंडळ, तालीम, लेझीम, गणपतीतले मेळे, लालबाग-परळचा तमाशा हे सगळे या मिळवलेल्या तासांतून उगवले. सुटलेला एकेक तास संघटना बांधून मिळवलेला होता, हे विसरून गिरणगावाच्या 'संस्कृती'चे कौतुक करता येत नाही.

आता मावशीकडे वळतो.

१९२१च्या जनगणनेत मुंबईत दर हजार पुरुषांमागे जेमतेम सव्वापाचशे स्त्रिया होत्या. म्हणजे शहरातले निम्मे पुरुष बायकांशिवाय राहत होते, आणि गिरणगावात हे प्रमाण डोळ्यांत भरणारे होते. या माणसांना चूल मांडायला जागा नव्हती, वेळ नव्हता, आणि बहुतेकांना भाकरी थापता येत नव्हती. त्यातून खानावळ उभी राहिली. तिला पाटी नसे. एका खोलीच्या चाळीतले राहते घर हीच खानावळ. मावशी पहाटे चारच्या आत उठायची, कारण सातच्या पाळीचा माणूस डबा घेऊन सहाला निघायचा. दुपारी दुसऱ्या पाळीवाल्यांची पंगत, साडेतीननंतर पहिली पाळी सुटून आलेल्यांची, रात्री तिसऱ्या पाळीवाल्यांची. दुसऱ्या पाळीचा माणूस मध्यरात्रीनंतर येई, त्याच्यासाठी ताट झाकून ठेवलेले. शहरातला भोंगा दिवसातून तीनदा वाजे, पण प्रत्येक कामगाराला त्यातला एकच लागू होता. मावशीला तिन्ही.

घाटावरच्या माणसाची खानावळ घाटावरच्या बाईची आणि कोकणी माणसाची कोकणी बाईची, असा साधारण रिवाज. एकीकडे ज्वारी-बाजरीची भाकरी आणि कांदा-लसणाची चटणी, दुसरीकडे भात आणि सुक्या मासळीचे कालवण. रविवारी मटण. चवीची ही वाटणी गमतीची वाटते, पण तिच्या मागे विश्वासाचा व्यवहार होता. पैसे महिन्याच्या पगाराला द्यायचे, तोपर्यंत वहीत मांडायचे. बदलीवाल्याला पगाराचा भरवसा नसे, तरी तो जेवून जाई. मावशी वाण्याकडून उधार आणायची, वाणी थांबला नाही तर सावकाराकडे जायची. गिरणीमालकाने बदलीवाल्यावर लादलेली अनिश्चितता शेवटी या बाईच्या वहीत येऊन साठत होती.

संपात हे अधिक स्पष्ट होते. १९२८चा संप सहा महिने चालला. दीड लाखाच्या आसपास कामगार बाहेर होते. युनियनचा निधी केवढा असणार? पुष्कळ माणसे गावी निघून गेली. जी उरली ती उधारीवर जेवली. संप किती टिकणार हे जितके सभेत ठरत होते तितकेच ते मावशीच्या डब्यातल्या पिठावरही ठरत होते. उषाबाई डांगे, पार्वतीबाई भोर अशा लढाऊ स्त्रियांची आत्मकथने आपल्याकडे आहेत, हे भाग्यच. पण खानावळवालीच्या वह्या कोणी जपल्या नाहीत. हिशेब मिटला की वही चुलीत जाई.

या बायका आल्या कुठून? काही कामगारांच्या बायका, काही विधवा, काही नवऱ्याने टाकलेल्या. आणि काही स्वतः गिरणीतून बाहेर फेकल्या गेलेल्या. विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या दशकांत गिरण्यांत दर चार-पाच कामगारांमागे एक बाई होती, मुख्यतः वाइंडिंग आणि रीळ खात्यात. पुढे स्त्रियांच्या रात्रपाळीवर बंदी आली, १९२९ मध्ये मुंबई प्रांतात प्रसूती-रजेचा कायदा झाला, मग नवी यंत्रे आली. कायदे हिताचेच होते. पण मालकांनी हिशेब केला आणि बायकांना घेणे कमी करत नेले. गिरणीत जिचे नाव होते तीच बाई काही वर्षांनी त्याच गिरणीच्या कामगारांना जेवू घालू लागली आणि पटावरून पुसली गेली. तिचे कष्ट वाढले, मोजमाप मात्र बंद झाले.

गावच्या खोलीचे आणि खानावळीचे गुणगान करताना एक गोष्ट झाकून चालणार नाही. गाव मुंबईत आले तेव्हा ते गावकुसासकट आले. खोली भावकीची म्हणजे जातीची. पंगत कोणाची कोणाबरोबर, पाण्याचा माठ कोणाचा, हे सारे ठरलेले. गिरणीच्या आतही तेच. साचेखात्यात पगार बरा, पण तिथे दलित कामगारांना घेत नसत. कारण काय, तर कांडी संपली की नव्या कांडीचा धागा धोट्याच्या भोकातून तोंडाने ओढून घ्यावा लागे आणि उष्ट्याचा विटाळ सवर्ण विणकरांना चालत नसे. १९२८च्या संपाच्या वेळी डॉ. आंबेडकरांनी हा प्रश्न नेत्यांपुढे रोखठोक मांडला. ते स्वतः परळच्या इम्प्रूव्हमेंट ट्रस्टच्या चाळीत अनेक वर्षे राहिले होते; कामगार वस्ती त्यांना ऐकून माहीत नव्हती. अण्णा भाऊंचे मुंबईतले आयुष्यही माटुंग्याच्या लेबर कॅम्पात आणि पुढे घाटकोपरच्या चिरागनगरच्या झोपडीत गेले. वाळवा तालुक्यातून निघालेल्या दोन माणसांना मुंबईत एकच वस्ती मिळत नव्हती. कोणाला कुठली खोली मिळणार, हे वेशीतून बाहेर पडतानाच ठरलेले असे.

आता दुसरी बाई. ती गावात होती.

१८८० पासून टपाल खात्याची मनीऑर्डर सुरू झाली आणि मुंबईचा पैसा गावात पोहोचू लागला. आपण त्याकडे नेहमी एकाच बाजूने पाहतो: मुंबईने गावे जगवली. मी उलट बाजूने हिशेब मांडून पाहिला. कामगार वयात येईपर्यंत त्याला वाढवले गावाने. गिरणीला तो अठरा-वीस वर्षांचा तयार माणूस म्हणून मिळाला. त्याचे लग्न गावात, बाळंतपणे गावात, मुलांचे वाढणे गावात. तो आजारी पडला की गावी. १८९६ मध्ये मुंबईत प्लेग आला तेव्हा लोंढेच्या लोंढे गावी निघाले आणि गिरण्या ओस पडल्या. संप लांबला की गावी. आणि हातपाय थकले की कायमचा गावी. राज्य कामगार विमा योजना मुंबईत लागू झाली १९५४ मध्ये, भविष्यनिर्वाह निधीचा कायदा १९५२चा, ग्रॅच्युइटीचा १९७२चा. म्हणजे गिरणी उद्योगाच्या पहिल्या शंभर वर्षांत म्हाताऱ्या कामगाराची जबाबदारी कायद्याने कोणावरच नव्हती. ती गावातल्या अर्ध्या एकरावर आणि ते राखणाऱ्या बाईवर होती.

म्हणूनच गिरणीला एका माणसाच्या पोटापुरता पगार देऊन भागवता आले. कुटुंबाचा उरलेला खर्च ज्वारीच्या कणगीतून, म्हशीच्या दुधातून आणि बायकोच्या रोजगारातून निघत होता. मनीऑर्डरने गावाला मदत केली हे खरे. पण त्याआधी गावाने गिरणीला केलेल्या मदतीची नोंद कुठल्याच ताळेबंदात नाही. कवी नारायण सुर्वे यांना वाढवणारे गंगाराम सुर्वे गिरणी कामगार होते. निवृत्त झाल्यावर ते कोकणात परतले आणि कोवळ्या वयाचा नारायण मुंबईत एकटा राहिला. ज्याला गाव होते तो परतला, ज्याला नव्हते तो उरला. अण्णा भाऊंची 'माझी मैना' ही छक्कड संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत गाजली, ती मुळात गावी मागे राहिलेल्या बायकोची आठवण आहे. गिरणगावातल्या हजारोंना राजकीय अर्थ समजावून सांगावा लागला नाही, कारण पहिला अर्थ प्रत्येकाच्या घरातलाच होता.

१८ जानेवारी १९८२ला डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगार संपावर गेले. तो संप आजवर औपचारिकपणे मागे घेतलेला नाही. संपाची कारणे, बॉम्बे इंडस्ट्रियल रिलेशन्स कायदा, मान्यताप्राप्त युनियनचा प्रश्न, सरकारचा ताठरपणा यांवर भरपूर लिहिले गेले. १९२८ प्रमाणेच याही वेळी माणसे गावी आली, पण फरक असा की या वेळी त्यांतली बहुसंख्य परत गेली नाहीत. साचे चालवणारे हात उसाला पाणी पाजू लागले, कुणी कारखान्याच्या हंगामी कामावर लागले, कुणी टपरी टाकली. चाळीस वर्षांचा माणूस रिकाम्या हाताने परतला की घरात काय होते, हे जयंत पवारांच्या 'अधांतर' नाटकाने मुंबईतल्या घरापुरते दाखवले. गावातल्या घरांचे नाटक अजून लिहिले गेलेले नाही. त्या घरांत नवरा परका झालेला होता. वर्षातून महिनाभर येणारा माणूस आता बारा महिने ओसरीवर बसलेला, आणि वीस वर्षे व्यवहार पाहणारी बाई पुन्हा पदर सावरून आत गेलेली.

मुंबईतल्या मावशीचे काय झाले? प्रेमाताई पुरव यांनी १९७५ मध्ये खानावळवाल्या बायकांना एकत्र करून अन्नपूर्णा महिला मंडळ उभे केले. बायकांनी एकमेकींना जामीन राहून राष्ट्रीयीकृत बँकेतून कर्ज मिळवले आणि सावकाराच्या तावडीतून सुटायची वाट काढली. खानावळ हे काम आहे आणि ते करणारी कामगार आहे, असे म्हणण्याची ती सुरुवात होती. पण सात वर्षांत संप आला. जेवणारेच गेले. वहीतली उधारी जिथल्या तिथे राहिली. ती बुडाली असे कोणी म्हणाले नाही, कारण ती कोणी मोजलीच नाही.

पुढे गिरण्यांच्या जमिनींवर मनोरे उभे राहिले. कामगारांना त्यांतल्या काही जागेवर घरे मिळावीत म्हणून लढा झाला, सोडती निघाल्या, दीड लाखांहून अधिक अर्ज आले. ही मागणी न्याय्य आहे आणि ती पूर्ण होण्याआधीच अर्जदार एकेक करून जात आहेत, हे दुःखद आहे. तरीही अर्जाच्या त्या नमुन्याकडे इतिहासाचा विद्यार्थी म्हणून पाहिले की त्यातली गाळलेली जागा दिसते. १९८२ पूर्वी निवृत्त झालेला त्यात नाही. कायम न झालेला, कागद न उरलेला बदलीवाला त्यात नाही. मावशी नाही. वारस म्हणून सोडली तर गावातली बायको नाही. पुरावा मागणाऱ्याने तोच पुरावा मागितला जो गिरणीने दिला होता, आणि गिरणीने तो स्वतःला हवा तेवढाच दिला होता.

आजही आष्ट्याच्या शिवारात ऊसतोडीच्या हंगामात बीडकडच्या टोळ्या उतरतात. पालांच्या पुढे पहाटे चुली पेटतात. कोयत्याचा हिशेब मुकादमाच्या वहीत असतो, चुलीचा कुठेच नसतो. ज्यांचे आजे मुंबईला गेले होते, त्यांच्याच रानात ही पाले पडतात.

त्या दिवशी दुकानातून बाहेर पडताना मी आजोबांना गाठले. चहा पाजला. गिरणीचे नाव, खाते, साच्यांची संख्या, जॉबरचे नाव, जॉबरच्या गावचे नाव, सगळे त्यांना पाठ होते. मी वहीत उतरवून घेतले. मग विचारले, "आणि मावशीचं नाव काय हो?"

आजोबा बराच वेळ बशीकडे बघत राहिले.

"तासगावकडची हुती," ते म्हणाले. "आमी समदी मावशीच म्हणायचो."

मी वहीत तेवढेच लिहिले. नावाची जागा कोरी ठेवली आहे.